आईच्या तोंडावर माझा आवाज

"ही बाई गाते आहे ना, तिथून तू वाचायला सुरुवात कर," साहेब म्हणाले. "तिचं तोंड हलतंय तोवर थांबायचं नाही."

ती बाई माझी आई होती. ती माझ्या शेजारीच, भिंतीला टेकवलेल्या लोखंडी खुर्चीवर बसली होती.

खोली लहान होती. बाहेरचा आवाज आत येऊ नये म्हणून भिंतींना जाड कापड ठोकलेलं. समोर टीव्ही, त्यावर आवाज नसलेलं चित्र. चित्रात आई पांढऱ्या साडीत, निळ्या कापडाच्या कमानीखाली उभी. डोळे मिटलेले, एक हात कानावर. खुर्चीवरची आई रोजच्या फुलाफुलांच्या साडीत होती आणि डब्याची पिशवी मांडीवर धरून चित्रातल्या स्वतःकडे बघत होती. ती इतकी पुढे झुकली होती की साहेबांचं लक्ष गेलं. त्यांनी एकदा टीव्हीकडे पाहिलं, एकदा तिच्याकडे.

"अरे, या तुझ्या आई?"

मी मान हलवली. ते माझ्याकडे बघून हसले.

"तुझ्याकडे बघून वाटत नाही हं. बोलण्यावरून तर नाहीच नाही."

मला ते ऐकून बरं वाटलं. हे आधीच सांगून टाकते, कारण पुढचं सगळं त्या बरं वाटण्यातून आलं आहे.

साहेब म्हणजे कारखान्याचे जनसंपर्क अधिकारी. मूळचे पुण्याचे, टाउनशिपच्या मराठी मंडळाचे अध्यक्ष. आवाज कधी चढवायचे नाहीत. कॉलेजच्या वक्तृत्व स्पर्धेला परीक्षक म्हणून आले होते, माझं भाषण ऐकून मला शोधत घरी आले. आमच्या क्वार्टरसमोर त्यांची गाडी उभी राहिली हेच गल्लीला मोठं होतं. आत आले नाहीत. गाडीच्या दारात उभं राहूनच बोलले. कारखाना आपल्या कामगारांच्या सणांवर एक माहितीपट करतो आहे, त्याची कॉमेंट्री मी वाचावी. "आपल्याच मुलीचा आवाज असावा," असं ते म्हणाले. त्यांचं 'आपल्याच' कोण, हे मी तेव्हा विचारलं नाही.

खोलीत आईने हळूच विचारलं, "अन् माह्यं गाणं जी?"

"आहे ना आई. मागे मंद राहील. हिच्या आवाजाखाली."

ध्वनिमुद्रणाच्या बटणांपाशी बसलेला माणूस वायरी जुळवत होता. साहेब घड्याळ बघत होते. मी हातातला कागद धरून आईकडे पाहिलं. तिने डबा एका मांडीवरून दुसऱ्या मांडीवर घेतला.

"राहू द्या जी माह्यं," ती म्हणाली. "पोरीचं घ्या."

मी वाचलं.

वडील कारखान्यात फिटर होते. अमरावतीच्या पलीकडच्या एका गावातून, कारखान्याच्या शेड अजून उभ्या राहत होत्या तेव्हा ते भोपाळला आले. इंद्रपुरीच्या बाजूला दोन खोल्यांचं क्वार्टर, पुढे पेरूचं झाड. आमची गल्ली बहुतेक वऱ्हाड-नागपूरकडची. आमच्यात नुसतं 'जयंती' म्हटलं की एकच जयंती, एप्रिलमधली. तिला वर्षभर पैसे साठवायचे, घर रंगवायचं, मुलांना कपडे शिवायचे. सकाळी झेंडा, दुपारी मिरवणूक, संध्याकाळी ट्रकची मागची फळी पाडून त्यावर भाषणं. भाषणांत गुळमुळीत काही नसायचं. बढत्या का अडतात, क्वार्टर कुणाला आधी मिळतं, कँटीनमध्ये कोण कुणाच्या टेबलावरून उठून जातं. निवडणूक जवळ असली की सगळ्या पक्षांचे उमेदवार त्या ट्रकवर चढून हार घालून घ्यायचे आणि खाली उभे राहिलेले वडील मला म्हणायचे, "बघून घे, हे तोंड आता पाच वर्षं दिसत नाही." भाषणं झाली की बायांची गाणी.

गाण्यांत आई पुढे. ती शाळेत फार शिकली नव्हती, पण गाणी स्वतः बांधायची. ज्या गाण्याबद्दल मी सांगते आहे ते शेजारणीवरून बांधलेलं होतं. आमच्या भिंतीला भिंत लागून असलेल्या क्वार्टरमध्ये एक मराठी कुटुंब बदलून आलं होतं. पहिल्याच दिवशी ती बाई आमचं मराठी ऐकून धावत आली. परक्या मुलखात आपली माणसं भेटली म्हणून आईचा हात धरून बसली, चहाला हो म्हणाली. आईने आधण ठेवलं. मग बाईने आडनाव विचारलं. आईने सांगितलं. चहा होईपर्यंत बाईला गॅसवर काहीतरी ठेवल्याचं आठवलं. महिन्याभरात त्यांनी क्वार्टर बदलून घेतलं.

आईने भांडण केलं नाही. गाणं केलं.

वीज आली न पुसता, दोन्ही घरी आली
आडनाव पुसून शेजीण चहा टाकून गेली

कारखाना विजेची यंत्रं बनवणारा. त्यामुळे गल्लीत हे गाणं लगेच धरलं गेलं. पुढे बरीच कडवी होती. मला एवढंच येतं.

फिल्मवाले आले ती जयंती मला नीट आठवते. जीपवर कॅमेरा होता. आमची मिरवणूक दरवर्षी गल्ल्यांतून फिरून मैदानात यायची. त्या वर्षी साहेबांनी सांगितलं की ती अधिकाऱ्यांच्या बंगल्यांच्या रस्त्याने न्या, तिकडे झाडं चांगली आहेत. त्या रस्त्याने जायला याआधी परवानगी मिळत नव्हती. लोक हरखून गेले. वडिलांनी शर्टाला दोनदा इस्त्री केली. बंगल्यांच्या फाटकांत अधिकाऱ्यांच्या बायका उभ्या होत्या, आपल्याला बघायला उभ्या आहेत असं आमच्या लोकांना वाटलं. पुढे धरलेला फलक मागे न्यायला सांगितला, अक्षरं चित्रात नकोत म्हणून. तो मागे गेला. निळे झेंडे पुढे राहिले, कारण रंग चांगला येतो.

मग आईला कमानीखाली उभं केलं. एक माणूस लांब काठीला बांधलेला माइक तिच्या डोक्यावर धरून उभा राहिला. माइकला लोकरीचं पांघरूण होतं. बाया त्याकडे बघून हसत होत्या. शेवंताकाकू, आईच्या मागे कोरसला असायच्या त्या, म्हणाल्या, "मांजर टांगलं वाटते."

आई गायली. दिग्दर्शक म्हणाला, "एक बार और, माताजी." आई पुन्हा गायली. ऊन चढत होतं. पुन्हा. मध्ये तिचा आवाज चिरला, तिने पाणी मागितलं, पदराने तोंड पुसलं आणि पुन्हा वरच्या पट्टीत लावला. आईचा आवाज तसा गोड नव्हता. भरड होता, पण लांब जायचा. शेजारणीचं कडवं आलं की ती डोळे उघडायची आणि समोरच्या माणसाकडे सरळ बघायची. त्या दिवशी समोर कॅमेरा होता आणि कॅमेऱ्याच्या बाजूला साहेब.

मी साहेबांच्या जवळ उभी होते. त्यांनीच मला तिथे उभं केलं होतं.

फिल्म कारखान्याच्या सभागृहात दाखवली. गल्लीतल्या बाया नव्या साड्या नेसून आल्या आणि सांगितलं नसतानाही मागच्या रांगांत बसल्या. पडद्यावर गणपती आला, दुर्गापूजा आली, ओणम आला. प्रत्येकाचं नाव मी स्वच्छ उच्चारात घेतलं होतं. मग निळे झेंडे आले. आईचं तोंड आलं, पडदाभर. तोंड उघडलं आणि त्यातून मी बोलले.

"कारख़ाने के श्रमिक परिवार यह लोकोत्सव हर वर्ष हर्षोल्लास से मनाते हैं।"

जयंती हा शब्द सबंध फिल्ममध्ये नव्हता. कुणाची जयंती, हे तर नव्हतंच. कागदावर जे नव्हतं ते मी वाचलं नव्हतं.

शेवंताकाकू मोठ्याने म्हणाल्या, "अवं, तुह्या तोंडातून पोरगीच बोलून राहिली."

सगळी मागची रांग हसली. आईही हसली. तोंडाला पदर लावून, खांदे हलेपर्यंत. माझ्या आवाजाखाली काहीतरी मंद वाजत होतं. ताल होता, सूर होता, शब्द कळत नव्हते. बाया एकमेकींना सांगत होत्या, ते बघा, खाली गाणं आहे.

त्या फिल्मनंतर मला आकाशवाणीवर बोलावणं आलं. आधी अधूनमधून, मग नेहमीचं. त्यावर माझं शिक्षण झालं, पुढे कॉलेजात मराठी शिकवायची नोकरी लागली, भोपाळमध्येच शाहपुऱ्याला तळ्याजवळ घर झालं. या गावात मला चेहऱ्याने कमी आणि आवाजाने जास्त लोक ओळखतात. बँकेत, दवाखान्यात, कुणीतरी वळून म्हणतं, "मॅडम, आप वही हैं ना?" मी हो म्हणते. शुद्ध वाणी, स्वच्छ उच्चार. माझ्या आवाजात कुठलं गाव ऐकू येत नाही, गल्ली ऐकू येत नाही, आडनाव ऐकू येत नाही. याच गुणाची मला किंमत मिळाली. तो गुण मी घासून घासून आणला होता.

वडील गेल्यावर आई माझ्याकडे राहायला आली. भाकरी थापताना गुणगुणायची. घरात कुणी आलं की बंद. मी पुस्तक उघडलं की बंद. तिला मी कधीच थांब म्हटलं नाही. म्हणायची वेळ तिने येऊ दिली नाही.

भावाने एकदा टेपरेकॉर्डर आणला होता. म्हणाला, आई, तुझी गाणी भरून ठेवू. आई म्हणाली, "कायले? फिल्मात हाय ना." गल्लीत सगळ्यांचंच तसं होतं. कुणी नातवंडांसाठी विचारलं, की उत्तर एकच, तिचं गाणं तर फिल्मात आहे, सरकारी आहे, जपून ठेवलेलं असणार. एवढ्या मोठ्या कारखान्याने घेतलेला आवाज हरवतो थोडाच. मीसुद्धा भावाला म्हणाले, "माझ्या आवाजाखाली आहे तो. आता मशिनं आली आहेत, वेगळा काढता येतो." टेपरेकॉर्डरवर आम्ही मुलांच्या कविता भरल्या.

मी हे खरंच मानत होते. माझा आवाज म्हणजे वर घातलेलं पांघरूण, खाली आई तशीच आहे, कधीतरी बाजूला सारता येईल. इतकी वर्षं याच समजुतीवर मी नीट झोपले.

आई थंडीत गेली. अंथरुणाला फार खिळली नाही. शेवटी शेवटी बोलणं कमी झालं होतं, पण ओठ हलायचे. मी कान जवळ नेला तर थांबायची.

ती गेल्यानंतर साहेबांचा फोन आला. ते आता खूप म्हातारे झाले आहेत, पण आवाज तोच, मऊ. मंडळ टाउनशिपच्या जुन्या आठवणींचा कार्यक्रम करत होतं.

"आईंना श्रद्धांजली म्हणून आपली ती फिल्म दाखवू या," ते म्हणाले. "चित्र चांगलं राहिलं आहे. आवाजाची पट्टी मात्र गेली, बुरशी लागली. मी म्हटलं, काळजी कशाला, आवाजाची मालकीण आपल्यातच आहे. कॉमेंट्रीचे कागद माझ्याकडे आहेत. तू स्टेजवरून वाच. तुझा सत्कारही करू."

मला पुढचं काही ऐकू आलं नाही. मी विचारलं, "सर, मूळ रेकॉर्डिंग कुठे असेल? माझ्या आवाजाशिवायचं. आईचं गाणं."

"कसलं गाणं?"

"खाली मंद ठेवलं होतं ते."

ते हसले. प्रेमळच हसले.

"अगं, ते सनई-तबल्याचं तयार संगीत होतं. कुठल्याही सणाला चालायचं. गाणं आपण घेतलंच नव्हतं. ते शब्द, तूच सांग, कारखान्याच्या फिल्ममध्ये कसे घेणार? त्या दिवशी माइक बंदच ठेवायला सांगितला होता मी."

"मग डोक्यावर धरला होता तो?"

"त्यांना बरं वाटावं म्हणून. माइक नसता तर त्या इतक्या मनापासून गायल्या असत्या का?"

मी फोन दुसऱ्या कानाला लावला. चिरलेला घसा. पाणी. पुन्हा वरची पट्टी. एक बार और, माताजी. आई एका बंद माइकखाली उभी राहून गायली होती, आणि मी, तिची शिकलेली लेक, त्या बंद माइकच्या भरवशावर घरातला चालू टेपरेकॉर्डर बाजूला ठेवून मोकळी झाले होते.

"येशील ना?" साहेबांनी विचारलं.

"येते," मी म्हणाले. मला तिचं तोंड बघायचं होतं.

शेवंताकाकूंना घेऊन गेले. त्यांना आता दिसतं कमी. हॉल भरला होता. साहेबांनी माझी ओळख करून दिली, आईबद्दल दोन शब्द बोलले. त्यांत आई साधी होती, सोशिक होती, हसतमुख होती. गाणारी नव्हती. त्यांनी कागद माझ्या हातात दिले आणि दिवे मालवले.

गणपतीचं मी वाचलं. दुर्गापूजेचं वाचलं. ओणमचं वाचलं. आवाज आपोआप चालत होता, तो माझा नसल्यासारखा. मग निळे झेंडे आले. कमान आली. आई आली, माझ्या आजच्या वयापेक्षा लहान आई. तिने कानावर हात ठेवला, डोळे मिटले आणि तोंड उघडलं.

मी तोंड मिटलं.

हॉलमध्ये फक्त पंख्यांची घरघर. आईच्या मानेच्या शिरा ताणलेल्या दिसत होत्या. लोकांना वाटलं माझा गळा दाटून आला. पुढच्या रांगेतून कुणीतरी पाण्याचा ग्लास पुढे केला. साहेब खालून हळूच म्हणाले, "बाळ, वाच."

"नाही," मी म्हणाले. माइक चालू होता, सगळ्यांना ऐकू गेलं. "ही माझी आई आहे. ही जयंती आहे. ती शेजारणीचं गाणं गाते आहे. तिच्या डोक्यावर धरलेला माइक तुम्ही बंद ठेवलात, आणि तिच्या तोंडावर माझा आवाज लावलात. आज मी लावू देणार नाही."

कुजबुज सुरू झाली. मंडळाचे चिटणीस उठून आले, कागद मागू लागले. "मॅडम, द्या, मी वाचतो, लोक खोळंबलेत." मी कागद दिले. माइक दिला नाही. दोन्ही हातांनी धरून उभी राहिले. ते माझ्या बाजूला कागद घेऊन उभे, मी माइक घेऊन उभी, आणि वर आई गात होती.

साहेब उठले. काठी टेकत स्टेजच्या पायऱ्यांशी आले. चिडलेले नव्हते. दुखावले होते.

"त्या वेळी तर तू खूश होतीस," ते म्हणाले. "आई स्वतः म्हणाल्या, पोरीचं घ्या. मी जबरदस्ती केली का?"

त्यांचं म्हणणं खरं होतं.

"होते खूश," मी म्हणाले. "वाचलं मी. तुम्ही मागितलंत, आईने दिलं, मी घेतलं. आता देत नाही."

वर शेजारणीचं कडवं आलं असावं, कारण आईने डोळे उघडले. ती सरळ समोर बघत होती. शेजारण पडद्यावर नव्हती. पडद्यासमोर आम्ही सगळे होतो. मागून कुणी म्हणालं, "मग तुम्हीच म्हणा ना ते गाणं." मला दोन ओळी येतात. दोन ओळींनी ते तोंड भरणार नव्हतं, आणि भरण्याचं नाटक मला करायचं नव्हतं. मी म्हणाले, "मला येत नाही. मी शिकले नाही." हॉलमध्ये हे सांगायला मला जेवढं जड गेलं तेवढं दुसरं काही गेलं नाही.

चित्र संपेपर्यंत मी माइक सोडला नाही. कुणी वाचलं नाही, कुणी बोललं नाही. आईचं गाणं पूर्ण झालं. कुणालाही ऐकू न येता, पण पूर्ण. मग मी माइक स्टँडला लावला आणि खाली उतरले. सत्कारासाठी आणलेली शाल टेबलावरच राहिली.

रिक्षात शेवंताकाकू माझ्या शेजारी बसल्या. मला वाटलं होतं त्या पाठीवरून हात फिरवतील.

"ती गात होती तवा तू समोरच होती," त्या म्हणाल्या. "एक दिवस म्हटलं असतं, माय, मले शिकव. तिनं साऱ्या गल्लीले शिकवलं असतं."

"तुम्हाला येतं का सगळं?"

"मी मागं म्हणणारी. पुढचं तिलेच माहीत."

लोक म्हणतात, आईने माफ केलं असतं. केलंच असतं, न मागता, डबा मांडीवर घेऊन. म्हणून मी ती माफी मागणार नाही. जे केलं ते माझ्या अंगावर राहू दे.

या एप्रिलमध्ये मी गल्लीत उभी होते. टाउनशिप आता अर्धी रिकामी आहे, क्वार्टरांच्या गच्च्यांवर पिंपळ उगवलेत, तरी कमान उभारली होती. एका चॅनेलची मुलं कॅमेरा घेऊन आली. त्यांना कुणीतरी माझं नाव सांगितलं होतं. "मॅडम, ये औरतें गा रही हैं, इस पर आप थोड़ा बोल दीजिए, आपकी आवाज़ अच्छी है."

मी त्यांचा माइक हातात घेतला. बाजूला छोटी कळ असते, ती आधी पाहिली. चालू होती. मग तो गाणाऱ्या बायांच्या पुढे धरला.

त्यांना सांगितलं ते इथेही लिहून ठेवते. हा कामगारांचा लोकोत्सव नाही, ही जयंती आहे, तिचं नाव घ्यायचं. बाया गातील ते पहिल्या शब्दापासून शेवटच्या शब्दापर्यंत घ्यायचं. शेजारणीला झोंबलं तरी, साहेबाला झोंबलं तरी. जमत नसेल तर कॅमेरा उचला. या गल्लीतल्या कुठल्याही बाईच्या तोंडावर लावायला माझा आवाज यापुढे मिळणार नाही, आणि दुसऱ्या कुणाचा लावायला याल तेव्हा मी मध्ये उभी असेन.